कॅप्टन व्योमचे पुढे काय झाले?

मिलिंद सोमण हे नाव निघाले की जाहिराती, ‘मेड इन इंडिया’चे गाणे आणि अलीकडे अनवाणी धावणे आठवते. आम्हांस मात्र आधी आठवतो तो कॅप्टन व्योम. केतन मेहतांची ही मालिका 1998 साली दूरदर्शनवर आली. तिच्यातील यंत्रे, पोशाख आणि संगणकी दृश्ये आज भाबडी वाटतील. पण घरोघरीच्या मुलांना अंतराळात वावरणारा आपल्याकडचा एक नायक तिने दिला, आणि तो मराठी घरातला होता.

अमेरिकेत ‘स्टार ट्रेक’ 1966 ते 1969 अशी तीनच वर्षे चालली. तरीही तीतील कप्तान साकारणाऱ्या विल्यम शॅटनरला ती भूमिका आयुष्यभर पुरली. 2021 साली, नव्वदीत, तो खरोखरच अवकाशाच्या सीमेपर्यंत जाऊन आला. तिथे मालिकेमागे कादंबऱ्या, चित्रपट, नव्या मालिका उभ्या राहिल्या. व्योमच्या मागे काही उभे राहिले नाही. सोमण मुळात राष्ट्रीय पातळीवरचे जलतरणपटू. 2015 साली, पन्नाशीच्या उंबरठ्यावर, त्यांनी झुरिकची आयर्नमॅन स्पर्धा पूर्ण केली. त्याच वर्षी ‘बाजीराव मस्तानी’त ते अंबाजीपंत म्हणून पेशव्यांच्या दरबारात दिसले. अंतराळवीर अखेर शनिवारवाड्यात पोचला म्हणायचा! (दरम्यान सुमित्रा भावे व सुनील सुकथनकर यांच्या ‘संहिता’त त्यांनी चांगले काम केले, हेही नोंदवले पाहिजे.)

दोष नटाचा नव्हे. पैसे नाहीत, हे ठरीव उत्तर आम्हांस पटत नाही. ऐतिहासिक मालिकांचे वाडे, पालख्या, शालू, पगड्या काय फुकट येतात? आणि विज्ञानकथेला यान लागतेच असे कुणी सांगितले? जयंत नारळीकरांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ घ्या. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत अशा एका जगात जाऊन पोचतात की जिथे 1761 ची लढाई मराठ्यांनी जिंकलेली आहे. एक गोळी विश्वासरावांना लागली की चाटून गेली, एवढ्यावर दोन इतिहास वेगळे होतात. हिच्यासाठी पगड्या तयारच आहेत. हवी ती फक्त कल्पनाशक्ती आणि पुणेरी प्राध्यापक शोभेल असा नट.

शनिवार पेठेत पानिपतावर तावातावाने बोलणारे आजही भेटतात. त्यांतल्या कित्येकांनी ही कथा वाचलेलीच नसते. मराठी वाहिन्यांना पेशवाई चालते, विश्वासराव वाचलेले मात्र चालत नाहीत. नारळीकर 2025 च्या मे महिन्यात पुण्यातच गेले. श्रद्धांजलीच्या कार्यक्रमांना तोटा नव्हता. त्यांच्या कथांवर मालिका करू, असे म्हणणारी वाहिनी मात्र आमच्या पाहण्यात आली नाही. सोमण आज साठीचे आहेत. गंगाधरपंतांना हे वय अगदी चालेल.