आडनाव कुणाच्या मालकीचं?

अमळनेरहून सुरतेकडं जाणाऱ्या गाडीत बसलं, की बेटावद, नरडाणा आणि मग शिंदखेडा येतं. गौतमी पाटील याच शिंदखेड्याची. नाव वाचून काही मैत्रिणींनी नाक मुरडलं असेल, पण पान उलटू नका. तिच्या नाचाची वकिली करायला मी बसलेली नाही. मला बोलायचंय ते मे २०२३ मधल्या एका वादाबद्दल. तो वाद पेपरवाल्यांनी चार दिवस चघळला आणि सोडून दिला. त्यातलं आपल्या कामाचं होतं, ते मात्र तसंच राहून गेलं.

काही मराठा संघटनांच्या मंडळींनी तेव्हा तिला बजावलं, की 'पाटील' आडनाव लावून नाचू नकोस, समाजाची बदनामी होते. आडनाव सोडलं नाहीस तर कार्यक्रम होऊ देणार नाही. त्यावर गौतमीचं उत्तर अगदी थोडक्यात होतं. आपण पाटील आहोत, म्हणून पाटीलच लावणार, असं तिनं सांगितलं आणि विषय संपवला.

मला या उत्तरातला आखूडपणा फार आवडला. आपल्याला कुणी जाब विचारला, की आपण काय करतो? खुलासे द्यायला लागतो. मी तशी नाही हो, घरच्यांना विचारूनच गेले होते, सोबत नणंदही होती. खुलासा जितका लांबतो, तितका समोरच्याचा आवाज चढत जातो. कारण खुलासा द्यायला सुरुवात केली, म्हणजे विचारणाऱ्याचा हक्क आपण मान्यच केला ना! गौतमीनं तो मान्य केला नाही. रडली नाही, शिव्या दिल्या नाहीत, घराण्याचे कागद काढून दाखवले नाहीत. नाव माझं आहे, एवढंच म्हणाली.

आणि 'पाटील' म्हणजे तरी काय? आमच्या खान्देशात दर दुसऱ्या दारावर पाटील आहे. लेवा पाटील, मराठा पाटील, गुजर पाटील. मुलकी पाटलांची वतनं सरकारनं १९६० च्या दशकातच संपवली. वतन गेलं, दप्तर गेलं, राहिलं ते आडनाव. दारू पिऊन बायकोला मारणाऱ्या कुणा पाटलाला 'आडनाव सोड' असं सांगायला एखादी संघटना त्याच्या दारात गेल्याचं माझ्या तरी ऐकण्यात नाही. समाजाची अब्रू नेमकी बाईच्या पायातल्या घुंगरापाशीच येऊन का अडकते?

ही गोष्ट आजची नाही. १९३६ साली 'विजयाची लग्ने' या चित्रपटात रतन साळगावकर नावाची कोवळ्या वयाची मुलगी काम करायला उभी राहिली. साळगावकर हे घराण्याचं नाव सिनेमाच्या पडद्यावर नको, अशी नातलगांची हरकत होती. मग नात्यातलंच वाडकर आडनाव लावलं आणि रतनची हंसा वाडकर झाली. घर चालवायला तिची कमाई चालत होती, नाव तेवढं चालत नव्हतं! पुढं याच बाईनं 'लोकशाहीर रामजोशी' गाजवला. १९५९ चा तिचा 'सांगत्ये ऐका' पुण्यात दोन वर्षांहून जास्त चालला. १९७० साली याच नावानं तिचं आत्मचरित्र आलं. त्यात तिनं दारू, पुरुष, फसवणूक, स्वतःच्या चुका सगळं सांगितलंय, आणि कुठंही दयेची भीक मागितलेली नाही. ज्या मैत्रिणींनी वाचलं नसेल, त्यांनी गावच्या वाचनालयात जरूर मागावं. पण साळगावकर हे नाव तिच्याकडून सुटलं ते सुटलंच.

पुढचा योगायोग बघा. त्या आत्मचरित्रावरून श्याम बेनेगल यांनी १९७७ साली 'भूमिका' काढला. हंसाबाईंच्या आयुष्यावरची ती भूमिका कुणी केली? स्मिता पाटीलनं. म्हणजे आपल्या शिरपूरच्या शिवाजीराव पाटलांच्या मुलीनं. तिला त्यासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. नंतर 'चक्र' सिनेमातल्या तिच्या आंघोळीच्या दृश्याची पोस्टर्स गावोगाव लागली, त्यावरून चर्चा झाली. तरी 'पाटील आडनाव सोड' असं तिला कुणी बजावल्याचं ऐकिवात नाही. वडील मंत्री राहिलेले, सिनेमा शिकलेल्यांचा. गौतमीच्या मागं यातलं काहीच नव्हतं. वडिलांपासून दूर, आईच्या आधारानं वाढलेली मुलगी, पोटासाठी नाचायला लागली, हे तिनं स्वतःच मुलाखतींत सांगितलंय. बदनामीचा हिशेबसुद्धा माणूस बघूनच होतो, असं म्हणायचं का?

तमाशातल्या बायांनी तर नावाचा प्रश्न वेगळ्याच पद्धतीनं सोडवला. विठाबाईंचं फडावरचं नाव पूर्ण वाचा: विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर. बापाचं नाव, जात, गाव, सगळं उघड फलकावर. लपवायचं काही ठेवलंच नाही, तर कुणी काय काढणार? भर कार्यक्रमात कळा सुरू झाल्यावर आत जाऊन बाळंत झालेल्या, दगडानं नाळ ठेचून पुन्हा बोर्डावर आलेल्या विठाबाईंची गोष्ट तुम्हाला ठाऊक असेल. ती ऐकून आपण धन्य धन्य म्हणतो. मला मात्र नेहमी वाटतं, त्या प्रेक्षकांतलं कुणीच कसं म्हणालं नाही, की बाई, राहू द्या आज. जानेवारी २००२ मध्ये त्या गेल्या, शेवटचे दिवस हलाखीत काढून. सरकारनं त्यांच्या नावाचा पुरस्कार नंतर सुरू केला.

आता दुसरी बाजू. गौतमीच्या नाचाला लावणी म्हणू नका, असं सुरेखा पुणेकरांसारख्या जाणत्या कलावंतांनी सुनावलं, ते मला पटतं. सुलोचना चव्हाण दोन्ही खांद्यांवरून पदर घेऊन गायच्या आणि तरी लावणीचा ठसका कमी व्हायचा नाही. लावणी हे घोटून घोटून येणारं काम आहे. सवाल-जबाबात पुरुषाला गप्प करणारी हजरजबाबी जीभ त्यातूनच तयार होते. गौतमीच्या हावभावांवर २०२२ मध्ये टीका झाली, तेव्हा तिनं जाहीर माफी मागितली. पण ही झाली कलेची तक्रार. ती कलेच्या भाषेत करावी, त्यात आडनावाचं काय काम?

आमच्या बचत गटात हा विषय निघाला, तेव्हा दोन तट पडले. पोरं बिघडतात म्हणणाऱ्या होत्याच. एक वयस्कर मावशी मात्र अहिराणीत म्हणाल्या, "ती तिनं पोट भरस, आपलं काय जास वं माय?" निवृत्ती महाराज इंदुरीकरांनी २०२३ मध्ये तीन गाण्यांना तीन लाख लोक देतात, अशी टीका केली होती. पण ते पैसे कोण देतं? वाढदिवस कुणाचा, जत्रेची वर्गणी कुणाची, पत्रे मोडून पुढं घुसणारी पोरं कुणाच्या घरची? सुपारी देणारा बाजूला राहतो आणि गोंधळ झाला, की बातमी 'गौतमीच्या कार्यक्रमात राडा' अशी छापून येते.

सगळ्यात वाईट प्रकार घडला तो फेब्रुवारी २०२३ मध्ये. कपडे बदलताना चोरून घेतलेला तिचा व्हिडिओ कुणीतरी पसरवला. राज्य महिला आयोगानं दखल घेतली, पुण्यात गुन्हा नोंदला गेला. गौतमी पुन्हा कार्यक्रमाला उभी राहिली. मैत्रिणींनो, हे आपल्या घरातही घडू शकतं, आणि गौतमीच्या मागं निदान आयोग आणि चॅनेलवाले होते. माझ्याकडं येणाऱ्या मुली फोटोपेक्षा घराला जास्त घाबरतात. घरी कळलं तर कॉलेज बंद होईल, घाईनं स्थळ बघतील, असं त्यांच्या मनात असतं. त्या भीतीवरच धमकावणाऱ्याचा धंदा चालतो. म्हणून आयांनी मुलींना आधीच सांगून ठेवावं, की असं काही झालं तर पहिल्यांदा मला सांग, कॉलेज बंद होणार नाही.

आणखी काही गोष्टी वहीत टिपून ठेवा. बाईचं खासगीतलं चित्रण चोरून करणं किंवा पसरवणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ७७ खाली गुन्हा आहे. पहिल्या गुन्ह्यालाही एक ते तीन वर्षं कैद होऊ शकते. धमकीचे मेसेज पुसून टाकू नका, तोच पुरावा असतो. पैसे देऊन मिटवायला जाऊ नका, मागणी वाढतच जाते. सायबर तक्रारीसाठी फोन नंबर १९३०, आणि तातडीची मदत हवी असेल तर ११२. पोलीस ठाण्यात एकटीनं जायला नको वाटलं, तर गटातल्या दोघी-तिघींना बरोबर घ्या.