आग्या वेताळाची रात्रपाळी

भुताखेतांच्या बाबतीत आमचा परभणी जिल्हा कधीच मागासलेला नव्हता. अनुशेष असेल तो रस्त्यांचा आणि सिंचनाचा. भुतांचा कोटा पहिल्यापासून पूर्ण. ‘जगात जर्मनी, भारतात परभणी’ असं आम्ही उगाच म्हणत नाही.

या मंडळींत वरचा ग्रेड दोघांचा. एक आग्या वेताळ : अंधाऱ्या रानात माणूस दिसत नाही, नुसता उजेड चालतो. दुसरा चकवा : हा चक्क वेळ गिळतो. माणूस रात्री दहाला अर्ध्या कोसावरच्या घराकडं निघतो, फार तर तासभर चाललो असं त्याला वाटतं, आणि बघतो तर पूर्वेला तांबडं फुटलेलं आणि स्वारी निघाली त्याच बाभळीखाली उभी! मधले सात तास कोणत्या खात्यात जमा झाले, याचा ताळा लागत नाही. उजेडाच्या मागं गेलात की चकवा लागलाच. थोडक्यात, दोघांचं खातं जॉइंट आहे.

मागच्या थंडीत एका लग्नाहून एस.टी.नं जिंतूरहून परभणीला येत होतो. रात्रीचा दीड वाजलेला. पुढच्या सीटवरच्या गृहस्थांनी खिडकीबाहेर बोट केलं आणि रामनाम सुरू केलं. दूर रानात दोन उजेड फिरत होते. थांबत होते, वाकत होते, पुन्हा चालत होते.

“आग्या वेताळ!” गृहस्थ पुटपुटले.

“छे हो, मिथेन!” शेजारचे सुशिक्षित सद्‌गृहस्थ म्हणाले. मग पाथरीचा फाटा चुकावा तसे ते जे निघाले ते थेट इटलीत पोचले. व्होल्टानं 1776 साली माज्जोरे सरोवराच्या चिखलातून हा वायू कसा गोळा केला, नॉर्वेतल्या हेस्डालेनच्या दरीतल्या दिव्यांवर 1984 पासून शास्त्रज्ञ कशी उपकरणं लावून बसले, कच्छच्या बन्नीतली चिर बत्ती कशी, सगळं झालं. माहिती बिनचूक होती. फक्त पाऊस संपून दोन महिने झालेल्या आमच्या काळ्या रानात दलदल कुठून आली, एवढं तेवढं राहून गेलं.

माझं भांडण या दोघांशीही आहे. एकानं हात जोडले, दुसऱ्यानं ज्ञान पाजळलं. पण थंडीत रात्री दीड वाजता त्या उजेडामागं उभं कोण आहे, हे दोघांपैकी एकानंही विचारलं नाही.

मी त्या वेताळाला ओळखतो. आमच्या काउंटरवर येतो तो.

एकदा टोकन नंबर तीन वेळा पुकारला तरी कोणी उठेना. बाकावर एक गृहस्थ झोपलेले, पोटऱ्यांपर्यंत वाळलेला चिखल, मांडीवर बॅटरी. हलवून विचारलं, “काका, इथं कामून झोपलाव?”

“या हप्त्यात रातची लाईट हाय ना सायेब. गव्हाला पाणी द्यायलो.”

पैसे काढायच्या स्लिपवर त्यांनी तारीख कालची घातली होती. मी चूक दाखवली. ते शांतपणे म्हणाले, “झोपलोच न्हाई, तर तारीख बदलंल कशी?”

पंचवीस वर्षं तारखांत काढलेला मी माणूस गप्प झालो.

शेतीपंपाला दिवसा आठ तास किंवा रात्री दहा तास, अशी पाळीपाळीनं वीज मिळण्याची पद्धत आपल्याकडं वर्षानुवर्षं चालली. कारण सरळ आहे. दिवसा कारखाने, कचेऱ्या आणि तुमचा-आमचा कूलर. आपण पांघरूण घेतलं की उरलेली वीज रानात. “मग मोटारीला ऑटो बसवा की,” असं शहाणी मंडळी सांगतात. ऑटोनं मोटार सुरू होते, साहेब. पण एक वाफा भरला की पाणी दुसऱ्या वाफ्यात आपण होऊन जात नाही. दारं धरायला चिखलात माणूसच उभा लागतो. आणि त्याच चिखलात, त्याच वेळी मण्यार फिरत असते. ही रात्रीची बाई. दंश असा करते की पुष्कळदा कळतही नाही. वेताळ निदान कोंबड्यावर भागवतो.

म्हणजे चालता उजेड खरा, वेळ गिळणारा चकवाही खरा. फक्त त्याचा मुक्काम बाभळीवर नसून वेळापत्रकात आहे.

यावर उतारा निघालाय, नाही असं नाही. शेतीला दिवसा वीज देण्यासाठी सौर कृषी वाहिनी योजना 2017 साली आली, 2023 साली तिचा दुसरा भाग निघाला. काही गावांत दिवसा मोटारी चालू लागल्या, तिथले वेताळ रात्री घरी झोपतात. मात्र गहू नंबर लागेपर्यंत थांबत नाही. त्याला पाणी वेळेवरच लागतं. तेव्हा पुढच्या वेळी रानात उजेड दिसला, तर रामही म्हणू नका आणि मिथेनही म्हणू नका. या गावाला दिवसाची वीज कधी, एवढं विचारा.

काकांच्या स्लिपवरची तारीख मी दुरुस्त करून घेतली आणि शेजारी त्यांची सही घेतली. दुरुस्तीवर खातेदाराची सही, असा नियमच आहे. पण ती चूक खरोखर त्यांची होती का? त्या दिवसापासून मी या चकव्यात फिरतोय, आणि अजून तांबडं फुटलेलं नाही.