‘दिवाणी मामला’ म्हणून कोणाला हाकलता?



आपला कास्तकार खोट्या विक्रीपत्राचा रिपोर्ट घेऊन ठाण्यात गेला की ठरलेलं उत्तर मिळते : "हा दिवाणी मामला आहे. कोर्टात जा." कोर्टात गेला की तारखा. आणि तारखा चालतात तोवर आपला धुरा मोडून दुसऱ्याचा नांगर चालतो.

हे उत्तर चुकीचं आहे, हे आम्ही ठासून सांगतो. जमीन कोणाची, हा दिवाणी प्रश्न. कागदावरचा आंगठा कोणाचा आणि तो कसा घेतला, हा फौजदारी प्रश्न. बैल चोरीला गेला तर ठाणेदार म्हणतो का, आधी बैल तुझाच आहे असं कोर्टातून लिहून आण? मग जमिनीलेच वेगळा न्याय कशाला?

१ जुलै २०२४ पूर्वीच्या खोट्या दस्तांसाठी भारतीय दंड विधान काढून पहा. विक्रीपत्रासारखा दस्त खोटा बनवणाऱ्याला कलम ४६७ खाली दहा वर्षांपर्यंत कैद किंवा जन्मठेप आहे. तो खोटा आहे हे माहीत असून खरा म्हणून वापरणारा कलम ४७१ खाली तेवढाच दोषी. आणि खोटा दस्त म्हणजे फक्त दुसऱ्याची सही मारणं नव्हे. दारू पाजून शुद्ध नसताना आंगठा घेतला, किंवा "कर्जाचा कागद आहे" अशी थाप मारून विक्रीच्या कागदावर घेतला, तरी कलम ४६४ प्रमाणे तो खोटा दस्तऐवजच. ज्याले वाचता येत नाही त्याच्यासाठीच हे कलम आहे असं समजा.

समोरचा वकील दुसरी मेख मारतो : "कागद कोर्टात दाखल आहे, आता तक्रार फक्त कोर्टच करू शकते." याचं उत्तर सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी ११ मार्च २००५ ला दिलं आहे. निकालाचं नाव लिहून ठेवा : इक्बालसिंग मारवाह विरुद्ध मीनाक्षी मारवाह. दिल्लीतल्या एका मृत्युपत्राचं भांडण होतं. न्यायालय म्हणाले, कागद कोर्टाच्या ताब्यात असताना त्यात खोटेपणा झाला असेल तरच तक्रार कोर्टाने करावी. बाहेर खोटा बनवून मग कोर्टात आणला असेल तर ती आडकाठी नाही. दिवाणीचा निकाल फौजदारीवर किंवा फौजदारीचा दिवाणीवर बंधनकारक नाही, हेही त्याच निकालात आहे.

म्हणूनच दुसरी बाजूही ऐका. चोर जेलात गेला म्हणून जमीन आपोआप घरी येत नाही. तिच्यासाठी वेगळा अर्ज लागतो. ६ जुलै १९७४ नंतर आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीला विकायची तर महसूल संहितेच्या कलम ३६-अ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्याची मंजुरी लागते, आणि तिलाही सरकारची आधी मान्यता लागते. कोणी मंजुरीचा आदेश दाखवला तर त्याचा नंबर, तारीख घ्या आणि माहितीच्या अधिकारात मूळ फाईल मागा. १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ मधल्या व्यवहारांसाठी जमीन परत देण्याचा वेगळा कायदा आहे. त्यालाही सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलं होतं. कायदा टिकला.

आता आपल्या घरातलं बोलू. खोट्या दस्तावर साक्षीदार कोण असतो? पुष्कळदा आपलाच माणूस, पाचशे रुपयांत. नंतर "घ्या थोडे पैसे, करा समझोता" म्हणत दारात येणाऱ्यांतही आपलेच. जंगलातला आपला बांबू बल्लारपूरच्या मिलमध्ये जाऊन कागद होतो, आणि तसल्याच कागदावर आपलीच जमीन जाते. त्यावर आपलीच सही असावी, याची लाज वाटली पाहिजे.

पुढच्या ग्रामसभेत प्रत्येकानं सातबारा आणि फेरफाराची नक्कल आणावी. संशय असेल तर दुय्यम निबंधकाकडून विक्रीपत्राची नक्कल काढा. तिथल्या नोंदीतला आंगठा तज्ज्ञाकडून तपासता येते. रिपोर्ट लेखी द्या, पोच घ्या. ठाण्यानं घेतला नाही तर पोलीस अधीक्षकाला टपालानं पाठवा, तरी हालचाल नाही तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७५(३) खाली मॅजिस्ट्रेटकडे जा. जमिनीचा अर्ज त्याच आठवड्यात वेगळा टाका. एकट्यानं जाऊ नका. दहा जण सोबत असले की "दिवाणी मामला" म्हणायला जीभ अडखळते.

— एक कार्यकर्ता, बल्लारपूर