वाटाड्याने वगळलेली जागा

संत फ्रान्सिस झेवियर यांच्या पवित्र अवशेषांच्या दर्शनसोहळ्याला (२१ नोव्हेंबर २०२४ ते ५ जानेवारी २०२५) चांदवड आणि आसपासच्या खेड्यांतील आम्ही काही कुटुंबे बस करून जुन्या गोव्याला गेलो होतो. दर्शन झाले, मिस्सा झाली, आणि मग ठरल्याप्रमाणे एका वाटाड्याने आम्हांला दोन तास पायी फिरविले. बॉम जेझूची बॅसिलिका, से कॅथेड्रल, संत फ्रान्सिस असिसीचे मंदिर, व्हाइसरॉयची कमान, टेकडीवरचा संत ऑगस्टीनच्या मनोऱ्याचा अवशेष. माणूस हुशार होता. कोणती वेदी कोणत्या शैलीची, कोणते लाकूड कोठून आले, सारे त्याच्या जिभेवर होते. से कॅथेड्रलसमोरच्या मोकळ्या जागेत मात्र तो म्हणाला, "इथे काही नाही. फोटो काढून घ्या, दहा मिनिटं आहेत."

याच चौकाच्या काठाला इन्क्विझिशनचा वाडा होता. १५६० पासून १८१२ पर्यंत, मधली चार वर्षे वगळता, त्या वाड्यातून माणसांच्या श्रद्धेची झडती घेतली गेली. पुढे वाडा पाडला गेला, दगड इतरत्र गेले, गवत उगवले; आणि त्या गवतावर आमच्या मुलांनी हसत हसत फोटो काढून घेतले.

वाटाड्याला दोष देऊन मी मोकळा होणार नाही. त्याने आमच्या गळ्यांतील जपमाळा पाहिल्या होत्या आणि आम्हांला काय ऐकायला आवडेल ते ओळखले होते. प्रश्न आपल्या आवडीचा आहे.

गोव्याहून परतलो तो दुसऱ्या यात्रेचे पत्रक हाती पडले. पोलंड. चेन्स्टोहोव्हाची काळी माता, दैवी करुणेचे मंदिर, संत पोप जॉन पॉल दुसरे यांचे जन्मगाव वाडोविस. आणि त्याच पत्रकात क्राकोव्हच्या जुन्या ज्यू वस्तीतून वाटाड्यासह पदयात्रा व आउशविट्झच्या छळछावणीला अर्धा दिवस. माझा या यात्रेला आक्षेप नाही. ज्यांना परवडते त्यांनी अवश्य जावे. मात्र जाऊन आलेल्या बांधवांकडून मी जे ऐकले, त्याने मन अस्वस्थ झाले. ते सारे संत मॅक्सिमिलियन कोल्बे यांच्या कोठडीविषयी बोलत होते. दुसऱ्याच्या जागी मरण पत्करणारा, १४ ऑगस्ट १९४१ रोजी त्या कोठडीत प्राण ठेवणारा तो धर्मगुरू आपला अभिमान आहेच. पण त्या छावणीत सुमारे अकरा लाख माणसे मारली गेली आणि त्यांपैकी सुमारे दहा लाख ज्यू होती. ती कोणत्याही धर्मासाठी हुतात्मा होण्याचे ठरवून तेथे आली नव्हती. ज्यू आईच्या पोटी जन्मली एवढाच त्यांचा अपराध. त्या दहा लाखांच्या स्मशानभूमीतून चालत जाऊन आपण एका कोठडीपुढे गुडघे टेकतो आणि 'आपले' स्थान पाहून परत येतो! छावणीला लागून असलेल्या इमारतीत १९८४ साली कार्मेलाइट भगिनींनी मठ मांडला, तेव्हा जगभरचे ज्यू दुखावले गेले. त्या भगिनींचा हेतू शुद्ध होता. तरीही १९९३ मध्ये खुद्द पोलिश पोपमहाशयांनी त्यांना तेथून हलावयास सांगितले. परक्याच्या शोकाच्या जागी आपली प्रार्थनासुद्धा कधी कधी अतिक्रमण ठरते, हे त्या पोपला कळले होते.

पण पोलंड दूर आहे. तेथे रडणे सोपे असते, कारण तेथला अपराधी जर्मन आहे. मला बोलायचे आहे ते आपल्या पायाखालच्या वाटेविषयी.

आपल्याकडे एक वाक्य फार प्रिय आहे : भारतात ज्यूंचा कधीही छळ झाला नाही. मुंबईतील सिनेगॉगांच्या पदयात्रांतून, अलिबाग-रेवदंड्याच्या सहलींतून ते ऐकू येते. कोकणापुरते ते खरेही आहे. शनिवारी घाणा बंद ठेवणाऱ्या बेने इस्राएलांना कोकणाने 'शनिवार तेली' म्हटले आणि सुखाने नांदू दिले. त्यांनी मराठी आपली केली. या गोष्टीचा मराठी माणसाला अभिमान वाटावा. परंतु हे वाक्य उच्चारण्याचा अधिकार आपल्याला, कॅथोलिकांना, नाही. ज्या एका ठिकाणी ते खोटे ठरते ते ठिकाण आपले आहे, आणि आपण तेथे फोटो काढून आलो आहोत.

गार्सिया द ओर्ता हे नाव आपल्यापैकी किती जणांना ठाऊक आहे? १४९२ साली स्पेनने ज्यूंना हाकलले, त्यांतले हजारो पोर्तुगालला आले. पुढे पाचच वर्षांत पोर्तुगालने त्यांना सक्तीने बाप्तिस्मा दिला. अशा 'नवख्रिस्ती' घरात हा मुलगा जन्मला, वैद्य झाला, आणि १५३४ मध्ये गोव्याला आला. अहमदनगरच्या, म्हणजे आजच्या अहिल्यानगरच्या, बुऱ्हाण निजामशहाचा तो वैद्य आणि स्नेही होता. मुंबई बेट त्याला पोर्तुगीजांकडून पट्ट्याने मिळाले होते. येथल्या वैद्य-हकिमांना विचारून, औषधे स्वतः पारखून त्याने आपल्या वनस्पतींवर, मसाल्यांवर, आंब्यावरसुद्धा संवादरूपाने ग्रंथ लिहिला. तो १५६३ साली गोव्यातच छापला गेला. आपल्या मातीतील औषधी युरोपला विस्ताराने सांगणारे हे आरंभीचे मोठे पुस्तक.

१५६८ मध्ये तो वारला. पुढच्याच वर्षी त्याची बहीण कातारिना हिला, गुप्तपणे ज्यू धर्म पाळल्याच्या आरोपावरून, गोव्यात जिवंत जाळण्यात आले. १५८० साली गार्सियाची हाडे थडग्यातून उकरून काढली आणि तीही जाळली. मेलेल्या माणसाच्या हाडांवर खटला! संताच्या अस्थींपुढे तासन्‌तास रांगेत उभे राहून नतमस्तक झालेल्या आपल्याला, त्याच नगरात दुसऱ्या एका माणसाच्या अस्थींचे काय झाले हे कोणी सांगू नये? पणजीतल्या नगरपालिकेच्या बागेला त्याचे नाव आहे. आमचीही बस त्या बागेपाशी थांबली होती. मुलांनी तेथे आइसक्रीम खाल्ले.

याहून अवघड गोष्टही सांगितली पाहिजे. १५४६ मध्ये पोर्तुगालच्या राजाला लिहिलेल्या पत्रात, गोव्यात इन्क्विझिशन आणावे अशी मागणी करणारे होते ते आपले लाडके संत फ्रान्सिस झेवियर. त्यांच्या मरणानंतर आठ वर्षांनी ती पुरी झाली. त्यांनी पुढचे सारे पाहिले नाही, त्या काळाची दृष्टीच तशी होती, हे मला मान्य आहे. संत म्हणून त्यांच्यावरची माझी श्रद्धा या पत्राने ढळलेली नाही. पण ज्याला हे पत्र ठाऊक नाही त्याची श्रद्धा आणि ज्याला ठाऊक आहे त्याची श्रद्धा यांत फरक आहे. आणि मुलांच्या बाबतीत मी दुसरी पसंत करीन.

येथे मला अडविले जाते, आणि अडविणारे मूर्ख नाहीत. आमच्या एका ज्येष्ठांनी स्पष्टच विचारले, "आज आपल्यावर जो तो धर्मांतराचा आरोप करतो. खेड्यात प्रार्थनेला जमलो तरी दारात माणसे येऊन उभी राहतात. अशा वेळी तुम्ही त्यांच्या हाती कोलीत देता?" भीती खरी आहे. चांदवडसारख्या ठिकाणी ज्यांची घरे बोटांवर मोजण्याइतकी आहेत, त्यांना या भीतीचा अर्थ सांगावा लागत नाही.

पण कोलीत त्यांच्या हाती केव्हाच आहे. मुद्रणाच्या इतिहासाचे अभ्यासक अ. का. प्रियोळकर यांनी गोव्याच्या इन्क्विझिशनवरचा ग्रंथ १९६१ सालीच प्रसिद्ध केला. सारे छापलेले आहे. ते ज्याला आपल्याविरुद्ध वापरायचे आहे त्याने ते कधीच शोधून ठेवले आहे. ठाऊक नाही ते फक्त आपल्याच मुलांना. ती महाविद्यालयात जातात, कोणीतरी तुच्छतेने तोंडावर फेकते, आणि ती घरी येऊन विचारतात, "हे खरं आहे का? आणि असेल तर तुम्ही कधी सांगितलं का नाही?" या दुसऱ्या प्रश्नाला आपल्याजवळ उत्तर नसते.

शिवाय या कथेत आपण नुसते आरोपी नाही. इन्क्विझिशनने ज्यांना छळले त्यांत नवख्रिस्ती होते, हिंदू होते आणि बाप्तिस्मा घेतलेले सामान्य कोकणी लोकही होते. आपल्या जुन्या चालीरीती, ओव्या-गाणी, पोशाख न सोडल्याबद्दल धरले गेलेले हे लोक कोण? शार्ल देलों हा फ्रेंच कॅथोलिक वैद्य दमणला पकडला गेला, वसईमार्गे गोव्याला नेला गेला, आणि सुटल्यावर त्याने १६८७ मध्ये आपली हकीकत जगापुढे मांडली. वसईचे नाव येथे आले, हे माझ्या उत्तर कोकणातील वाचकांनी ध्यानात घ्यावे. त्या अंधाऱ्या कोठड्यांत आपले पूर्वजही बसलेले होते. त्यांनाही आपण वाटाड्याच्या सोयीसाठी विसरायचे काय?

आपल्या जवळचीच आणखी एक वाट आहे. चांदवडहून मनमाड, येवला, कोपरगाव करीत अहिल्यानगर गाठता येते. सप्टेंबर १९३९ मध्ये युद्ध पुकारले गेले तेव्हा इंग्रज सरकारने भारतातील जर्मन नागरिकांना धरून अहमदनगरच्या छावणीत घातले. त्यांत हिटलरच्या तावडीतून जीव वाचवून आलेले ज्यूही होते! कागदावर ते 'जर्मन', म्हणून शत्रू. चौकशीनंतर पुष्कळ सुटले. पण नाझी आणि नाझींचे बळी काही काळ एकाच कुंपणात राहिले. पुढे ही छावणी आपल्या देवळालीला आणि तेथून डेहराडूनला गेली. नेहरू ज्या किल्ल्यात कैदेत होते तो किल्ला आपण मुलांना दाखवितो. त्याच गावातील ही छावणी कोणी दाखवीत नाही. याउलट, १९४३ पासून पाचेक हजार पोलिश निर्वासितांना आसरा देणारे कोल्हापूरजवळचे वळिवडे मात्र आपल्या तोंडी असते. ते लोक बहुतेक कॅथोलिक होते, आणि गोष्ट आपल्याला भूषण देणारी आहे. ती सांगावीच. तिच्या आडोशाला दुसरी झाकू नये, इतकेच.

चांदवडला येणाऱ्या पाहुण्याला आम्ही अहिल्यादेवींचा रंगमहाल दाखवितो, रेणुकामातेचे मंदिर दाखवितो, डोंगरातली जैन लेणी दाखवितो; आणि १८१८ साली इंग्रजांनी हा किल्ला घेतला तेही सांगतो. पराभव म्हणून कोणी ते गाळीत नाही. मग धर्माच्या वाटेवरच हा लाजाळूपणा कशासाठी? क्रुसाची वाट ही आपली सर्वांत जुनी पदयात्रा. तिच्यातले एकही स्थान आपण अवघड आहे म्हणून ओलांडून जात नाही. पवित्र आठवड्यात पहिल्या पोपने कोंबडा आरवण्यापूर्वी तीनदा नाकारल्याची कथा आपण भर मंदिरात मोठ्याने वाचतो. आणि त्याच गुड फ्रायडेच्या प्रार्थनेत शतकानुशतके ज्यूंना लावलेले दूषण पोप तेविसावे जॉन यांनी १९५९ मध्ये काढून टाकले. २८ ऑक्टोबर १९६५ रोजी व्हॅटिकन परिषदेने, ख्रिस्ताच्या मरणाचा दोष समस्त ज्यूंवर ठेवता येणार नाही असे जाहीर केले. मार्च २००० मध्ये पोप जॉन पॉल यांनी संत पेत्राच्या मंदिरात ख्रिस्तसभेच्या लेकरांच्या अपराधांची जाहीर क्षमा मागितली. रोमला जे बोलता आले ते जुन्या गोव्याच्या गवतावर उभे राहून आपल्याला का बोलता येऊ नये?

माझी मागणी लहान आहे. आपल्या धर्मग्रामांतून जुन्या गोव्याला जाणाऱ्या प्रत्येक यात्रेने त्या चौकात पंधरा मिनिटे थांबावे. वाटाड्याला अगोदर सांगून ठेवावे. त्याला नको असेल तर आपल्यातल्याच कोणी दोन परिच्छेद वाचावेत. कातारिनाचे नाव घ्यावे. फोटो काढू नयेत. पोलंडला जाणाऱ्यांनी क्राकोव्हची ज्यू वस्ती पाहण्यापूर्वी एकदा अहिल्यानगरला एक दिवस द्यावा, खर्च एस.टी.च्या तिकिटाचा.

आमच्या पुढील बैठकीत हा विषय मी मांडणार आहे. ते ज्येष्ठ विरोध करतील, तसे त्यांनी मला आधीच सांगितले आहे, आणि सभेनंतर चहाला घरी येण्याचेही कबूल केले आहे. वाचण्याचे दोन परिच्छेद मी लिहून ठेवले आहेत. माझी धाकटी मुलगी ते मोठ्याने वाचायला तयार आहे. तिच्या हातातल्या त्या फोटोत, मागे, तेच गवत आहे.