चार केबीतली नदी

बंगळुरूत के. आर. पुरमहून व्हाइटफील्डकडे मेट्रो 2023 च्या मार्चमध्ये धावू लागली. सकाळी तिच्यात सॉफ्टवेअर लिहिणाऱ्यांची झुंबड असते. स्थानकाबाहेर रिक्षावाले आणि डिलिव्हरीची पोरे उभी असतात. त्यांची रोजीरोटीच ॲपवर, आणि स्वस्त फोनवर ‘जागा शिल्लक नाही’ ही सूचना कायमची मुक्कामाला. ॲप अपडेट करायचे तर घरच्यांचे फोटो पुसायचे! लिहिणाऱ्याची ऐसपैस मांडणी वापरणाऱ्याच्या खिशाला भारी पडते, ती अशी.

सॉफ्टवेअर लिहिणाऱ्या मंडळींनी 1982 सालचा ‘रिव्हर रेड’ हा खेळ जरूर अभ्यासावा. कॅरल शॉ यांनी अटारी 2600 या गेम कन्सोलवर तो अवघ्या 4 केबीत बसवला. पुढे अटारी 800, कमोडोर 64, स्पेक्ट्रम या घरगुती संगणकांवरही तो आला. पडदा सरकत राहतो, नदीवरून विमान न्यायचे, वाटेतली जहाजे, पूल उडवायचे. इंधनाच्या टाकीवरून सावकाश गेलात तर जास्त इंधन मिळते. टाकीच उडवलीत तर 80 गुण मिळतात, पण पुढे इंधन संपून विमान पडू शकते.

खरी गंमत नदीची आहे. तिचा नकाशा खेळात साठवलेलाच नाही. एका ठरावीक आकड्यावरून पुढचा आकडा, त्यावरून त्यापुढचा, असा हिशेब चालतो आणि त्यातून काठ, बेटे, शत्रू ठरत जातात. आरंभाचा आकडा तोच, म्हणून दर खेळाला नदीही तीच. जागा नव्हती, तेव्हा शॉ यांनी डोके चालवले.

आजच्या ॲपला नकाशे, पैशांचे व्यवहार, अनेक भाषा सांभाळाव्या लागतात; ते 4 केबीत मावणार नाही, हे उघड आहे. पण 100 एमबीच्या एका ॲपच्या जागेत असे 25,000 खेळ बसतात, आणि ती सगळी जागा गरजेपोटी गेलेली नसते. एका बटणासाठी अख्खी लायब्ररी ओढून आणायची, वर जाहिरातींची आणि पाळत ठेवण्याची यंत्रणा जोडायची, हा निव्वळ आळस आणि हाव आहे.

कंपन्यांनी चाचणीच्या टेबलावर बाजारातला सर्वांत स्वस्त फोन ठेवावा आणि त्यावर अडखळणारी आवृत्ती बाहेर सोडू नये. ग्राहकाला नवा फोन घ्यायला लावणे ही अभियांत्रिकी नव्हे.