गाणे बाईचे, नाव कुणाचे?

शनिवार-रविवारी नागावच्या किनाऱ्यावर मुंबई-पुण्याची माणसे येतात आणि कुठल्या ना कुठल्या कॉटेजमधून कोळीगीते ऐकू येतात. 'मी डोलकर' त्यात हटकून असते. नाचणाऱ्यांना विचारा, गाणे कुणाचे? लताबाईंचे, हेमंतकुमारांचे. चाल हृदयनाथांची, हेही एखादा सांगेल. शब्द शांता शेळके यांचे आहेत, हे मात्र क्वचितच कुणाला आठवते. याच पट्ट्यात आगरी-कोळ्यांच्या लग्नात धवले गाणारी धवलारीण असते. नवरा-नवरीची नावे गुंफत ती गाणे पुढे नेते. तिला कुणी गीतकार म्हणत नाही. तिचे गाणे 'पारंपरिक'!

शब्द, चाल आणि आवाज, तिन्ही एकाच बाईचे असावेत आणि अल्बमवर तिन्ही ठिकाणी तिचेच नाव छापलेले असावे, ही गोष्ट आपल्याकडे अजून विरळाच. गायिका भरपूर आहेत. पण शब्द आणि चाल म्हटली की मोठमोठ्या बायकांनीही नाव झाकले. सेन्सॉर बोर्डावर असताना शांताबाईंनी चित्रपटगीते लिहिली ती 'डॉ. वसंत अवसरे' या नावाने. लता मंगेशकरांनी भालजी पेंढारकरांच्या चित्रपटांना संगीत दिले ते 'आनंदघन' म्हणून. 'साधी माणसं' (१९६५) ला राज्य पुरस्कार मिळाला तेव्हा गुपित फुटले. शांताबाईंची अडचण पदाची होती, मान्य. तरी टोपणनाव पुरुषाचेच का सुचावे?

अमेरिकेत ट्रेसी चॅपमन या कृष्णवर्णीय गायिकेचा पहिला अल्बम १९८८ साली आला. लोकगीत, ब्लूज, रॉक असे सारे बाज त्यात मिसळलेले, आणि गाणी तिची स्वतःची. शेजारच्या घरातल्या मारहाणीवरचे एक गाणे तर तिने एकाही वाद्याशिवाय गायले आहे. त्याच अल्बममधले 'फास्ट कार' २०२३ मध्ये ल्यूक कोम्ब्स या गायकाने पुन्हा गायले आणि ते गाजले. त्या वर्षीचा कंट्री म्युझिक असोसिएशनचा उत्कृष्ट गीताचा पुरस्कार मिळाला तो चॅपमनला. पस्तीस वर्षांनी, दुसऱ्याच्या आवाजात! कारण गाण्यावर तिचे नाव होते.

आपल्याकडेही २०१२ च्या दुरुस्तीनंतर कॉपीराइट कायद्यात सोय आहे. हक्क कंपनीला विकले तरी गाण्याच्या वापरावरील रॉयल्टीतला गीतकार-संगीतकाराचा समान वाटा काढून घेता येत नाही. पण 'पारंपरिक' छापले की वाटा मागणार कोण?

आणि कंपन्यांनाच का बोल लावायचा? आपल्याच चळवळीच्या गीतपुस्तिका काढून पाहा. कितीतरी गाण्यांखाली नावच नाही. गाणे सगळ्यांचे, नाव कशाला, असे आपण म्हणतो. मला ते पटत नाही. सभेच्या अध्यक्षांचे नाव आपण अहवालात विसरत नाही, मग रात्री भाकऱ्या उरकून गाणे जुळवणारीचेच नाव तेवढे चळवळीत विरघळावे?

हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी गावोगाव हिंडून जात्यावरच्या लाखभर ओव्या जमवल्या, त्या गाणारीच्या आणि गावाच्या नावासकट. ओवी तर पिढ्यान्‌पिढ्यांची. तरी विचारले, बाई, तुझे नाव काय? तेव्हा पुढची पुस्तिका छापण्याआधी, ध्वनिमुद्रण करण्याआधी, प्रत्येक गटाने एवढे करावे: शब्द कुणाचे, चाल कुणाची, ते शोधावे. सापडले नाही तर निदान कुणाकडून ऐकले ते लिहावे, तिला विचारून, तिच्या गावासह.