तीन शिट्ट्यांचं बार्बेक्यू

हल्ली मेसमध्ये पार्टी असली की मेनूवर ‘पुल्ड बार्बेक्यू चिकन’ हमखास असतं. रीत कुठल्याही पोस्टिंगवर तीच. बोनलेस ब्रेस्ट आणायचं, कुकरला तीन शिट्ट्या द्यायच्या, काट्यानं ओरबाडायचं आणि वरून बाटलीतला गोड, काळपट सॉस ओतायचा. खाणारा दोन घास कौतुकानं खातो आणि तिसऱ्याला पाणी मागतो. सॉसमध्ये बुडवलेला कापूसच तो. या पदार्थाचा जीव आपल्या प्रतिष्ठेच्या खुळ्या कल्पनांनी घेतला आहे, असं माझं स्पष्ट मत आहे. आणि त्याची किंमत भरतो तो सगळ्यात शेवटी जेवायला येणारा माणूस.

मुळात हा पदार्थ आला कुठून ते बघा. बार्बेक्यू हा शब्द कॅरिबियन बेटांवरच्या टाइनो लोकांचा, स्पॅनिशमार्गे इंग्रजीत आलेला. अमेरिकेच्या दक्षिणेत खड्ड्यातल्या निखाऱ्यांवर रात्रभर मांस भाजत बसायचं काम गुलाम म्हणून आणलेल्या आफ्रिकी लोकांनी केलं, आणि ही कला मोठी केली तीही त्यांनीच. मांस बहुतेक वेळा डुकराच्या खांद्याचं, म्हणजे स्वस्त आणि चिवट. साधारण ११० अंश सेल्सिअसच्या धगीत ते दहा-बारा तास राहतं. चिवट मांसातलं कोलॅजन ७० अंशांच्या पुढे हळूहळू विरघळून त्याचं जिलेटिन होतं. मग तंतू आपोआप सुटतात आणि ओलेही राहतात. सगळी जादू एवढीच.

कोंबडीच्या छातीच्या मांसात हे कोलॅजन जवळजवळ नसतंच. ते जितकं जास्त शिजवाल तितकं कोरडं होणार. कोलॅजन असतं तंगडीत आणि मांडीत, जे आपण ‘साधं’ म्हणून रस्सा-भाताकडे ढकलतो. बोनलेस महाग, म्हणून पाहुण्यांसाठी बोनलेस! आमच्याकडे सातारा-कोल्हापूरच्या कुठल्याही आजीला विचारा. गावठी कोंबडी चुलीवर तास-दीड तास मंद रटरटू द्यावी लागते, हे तिला कोलॅजनचं नावही न ऐकता ठाऊक असतं.

आता नेहमीचा युक्तिवाद. मेस हवालदार म्हणतात, “सर, यहाँ हाइट पे धीमी आँच पे कुछ नहीं गलता. कुकर ही चलेगा.” अर्धं बरोबर आहे. लेह सुमारे ३५०० मीटरवर. तिथे पाणी ८८ अंशांच्या आसपासच उकळतं. डाळ, राजमा यांना कुकर हवाच. राजम्याच्या बाबतीत तर मी वादच घालत नाही, कारण त्यातलं विषारी लेक्टिन कडक उकळल्याशिवाय मोडत नाही. पण चिकनचं गणित वेगळं. कोंबडीचं मांस आतपर्यंत ७४ अंशांना पोचलं की खायला सुरक्षित, आणि कोलॅजनला ७०च्या वर बराच वेळ मिळाला की झालं. ८८ अंश म्हणजे नेमकं हवं तेच. मैदानात मंद आच सांभाळायला गॅसशी झटापट करावी लागते, डोंगर ते काम फुकट करून देतो.

दुसरा आक्षेप इंधनाचा, आणि तो मला मान्य आहे. वर पोचणारा रॉकेलचा प्रत्येक डबा कुणीतरी चढवलेला असतो. पण हिवाळ्यात बुखारी तशीही दिवसभर जळतेच ना? तिच्यावर चहाची किटली बसते, तिथे एक डेगची बसू शकते. (धूर हवा म्हणून बंद खोलीत कोळशाची अंगीठी मात्र आणू नका. कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो. धुंगार द्यायचा तर उघड्यावर.)

सॉसबद्दल थोडं जास्त बोलणार आहे, कारण खरी लबाडी तिथे आहे. बाटलीमागची घटकांची यादी वजनाच्या उतरत्या क्रमानं छापलेली असते. माझ्या हाती आलेल्या बाटलीवर पहिलं नाव साखरेचं होतं. आणि अमेरिकेत तरी ‘बार्बेक्यू सॉस’ एकच कुठे आहे? पूर्व नॉर्थ कॅरोलायनात नुसतं व्हिनेगर आणि मिरची. कॅन्सस सिटीत टोमॅटो आणि मोलॅसिस. अलाबामात तर कोंबडीसाठी मेयोनेज-व्हिनेगरचा चक्क पांढरा सॉस. मोलॅसिस म्हणजे उसाच्या रसाचा काळा पाक, आणि आपली काकवी त्याची सख्खी चुलत बहीण. बऱ्याच अमेरिकी सॉसमध्ये वूस्टरशर पडतो, त्यात चिंच असते. म्हणजे काकवी आणि चिंच घरात असताना आपण त्यांचीच नक्कल बाटलीतून विकत घेतो!

दोन किलो तंगड्या-मांड्या हाडासकट घ्या. चार कांदे, दहा-बारा लसूण पाकळ्या, मीठ, मिरपूड, अर्धी वाटी व्हिनेगर, दोन वाट्या पाणी. एकदा उकळी आणून झाकण ठेवा आणि लेहच्या उंचीवर अडीच तास विसरून जा. खाली दीड तास पुरे. दुसऱ्या भांड्यात सहा टोमॅटोंचा रस, अर्धी वाटी काकवी किंवा गूळ, लिंबाएवढ्या चिंचेचा कोळ, दोन चमचे काश्मिरी मिरचीपूड, एक चमचा वाटलेली मोहरी. लडाखात असाल तर मूठभर भिजवलेले जर्दाळू वाटून घाला. गूळ तेवढा कमी. सॉस सुरुवातीपासून मांसात घालू नका, गूळ तळाला लागतो आणि सगळं कडू होतं. चिकन बाहेर काढा, कोमट असतानाच तंतू सोडवा, हाडं बाजूला करा. उरलेलं पाणी सॉसमध्ये ओतून चमच्याला चिकटेपर्यंत आटवा. मग दोन्ही एकत्र करून एक उकळी द्या.

आता मुद्द्याचं. तंदुरी चिकन, टिक्का, कटलेट हे सगळे पहिल्या पंगतीचे पदार्थ. आठ वाजता अप्रतिम, साडेदहाला चामडं. साडेदहाला जेवायला येतो तो गस्तीवरून परतलेला, बंद पडलेल्या गाडीसोबत थांबलेला ड्रायव्हर, ड्यूटी बदलून आलेला संत्री. स्वतःच्या रसात बसलेलं हे चिकन ६० अंशांच्या वर झाकून ठेवलं, तर त्यालाही पहिल्या पंगतीसारखंच मिळतं. चपातीत गुंडाळा, पावात भरा, भातावर घाला. शेकडो लोकांच्या लंगरसाठी याहून सोयीचा मांसाहारी पदार्थ मला माहीत नाही. आणि आपण त्याला कॉकटेल स्नॅक करून काडीला टोचून फिरवतो.

“एवढा वेळ कुणाला आहे?” हा शेवटचा प्रश्न मला हमखास विचारला जातो. कुकशेजारी उभं राहून पाहिलं तर कळतं की या अडीच तासांत त्याचा हात जेमतेम अर्धा तास लागतो. त्याच वेळात तंदूरवाल्याला धगीसमोरून हलता येत नाही.

पुढच्या पार्टीचा मेनू माझ्याकडे सहीला येईल, तेव्हा बोनलेस खोडून मी लेग लिहिणार आहे. ज्यांचा आक्षेप असेल त्यांनी त्या दिवशी रात्री साडेदहाला जेवायला यावं.